कात्री तिची, नाव कुणाचं?

रात्रीचे साडेअकरा. वाराणसीच्या रामघाटावरच्या नावा केव्हाच बांधून झाल्यात. गल्लीतलं दूधवाल्याचं दुकान बंद झालंय. माझ्या आत्याच्या घरात दुसऱ्या मजल्यावरच्या एका खोलीत मात्र अजून उजेड आहे. मुलाला झोपवून, ओटा पुसून, सकाळचे चणे भिजत घालून वहिनी लॅपटॉपसमोर बसली आहे. कुणाच्या तरी लग्नाचं चार कॅमेऱ्यांनी केलेलं सहा तासांचं शूटिंग तिला वीस मिनिटांत बसवायचं आहे. नवरीचे वडील पाठ वळवून डोळे पुसतात तो क्षण तिला सहा तासांतून शोधून काढायचा आहे.

मी विचारलं, ‘‘वहिनी, यावर तुझं नाव कुठे येतं गं?’’

ती हसली. ‘‘नाव स्टुडिओचं येतं. मालक म्हणतात, तुम्ही काय, नुसतं कापून जोडता!’’

तुमच्याही ओळखीत अशी एखादी मुलगी, सून किंवा मैत्रीण असेल. कदाचित ती तुम्ही स्वतःच असाल. म्हणूनच आज तुम्हाला अशा एका बाईची गोष्ट सांगायची आहे, जिने ११० वर्षांपूर्वी रात्री घरकाम आटोपल्यावर हेच कापून जोडण्याचं काम केलं. तिच्या मेहनतीतून भारताचा पहिला पूर्ण लांबीचा कथापट उभा राहिला. तिचं नाव सरस्वतीबाई फाळके. अनेक जण त्यांना भारताची पहिली फिल्म एडिटर म्हणतात. रामघाटावर बसून त्यांची आठवण येण्याला आणखी एक कारण आहे. फाळके कुटुंबाच्या गोष्टीतलं एक वळण याच काशी नगरीत येतं. पण तिथे पोहोचण्याआधी सुरुवातीपासून बघू या.

गिरिजाची झाली सरस्वती

दादासाहेब म्हणजे धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल, १८७० रोजी त्र्यंबकेश्वरला झाला. मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये आणि बडोद्याच्या कलाभवनात ते शिकले. चित्रकला, फोटोग्राफी, छपाई, जादूचे प्रयोग असं सगळं त्यांनी करून पाहिलं. पहिली पत्नी आणि मूल प्लेगमध्ये गेल्यावर १९०२ साली त्यांनी दुसरं लग्न केलं. मुलगी होती गिरिजा करंदीकर, किर्लोस्कर नाटक मंडळीच्या मालकांची भाची. सासरी तिचं नाव सरस्वती ठेवलं गेलं.

नवरा हुशार, पण एका जागी न टिकणारा. पुरातत्त्व खात्यातली नोकरी सोडली, मग छापखाना काढला, भागीदारांशी पटलं नाही म्हणून तोही सोडला. अशा माणसाबरोबर संसार करणं म्हणजे काय, हे वेगळं सांगायला नको. त्यात १९१०-११च्या सुमारास दादासाहेबांनी गिरगावातल्या अमेरिका इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये येशूच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला आणि त्यांच्या डोक्यात एकच विचार पक्का झाला. आपल्या राम-कृष्णाच्या गोष्टी अशा पडद्यावर का दिसू नयेत?

त्यानंतर दिवसरात्र सिनेमे बघणं आणि खेळण्यातल्या प्रोजेक्टरशी झटापट सुरू झाली. त्याचा परिणाम डोळ्यांवर झाला आणि काही काळ दिसेनासं झालं. उपचारांनी दृष्टी परत आली, तर दादासाहेब थेट लंडनला निघाले. विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून पैसे उभे केले आणि फेब्रुवारी, १९१२मध्ये ते बोटीत बसले. दोन आठवडे तिथे राहून त्यांनी चित्रपट कसे बनतात ते पाहिलं आणि विल्यमसन कंपनीचा कॅमेरा, फिल्मला छिद्रं पाडायचं यंत्र व कच्ची फिल्म मागवली. १ एप्रिलला ते परतले. घर, मुलं आणि उधारी सांभाळत मागे होत्या सरस्वतीबाई.

पैसे लावणाऱ्यांना पटवण्यासाठी दादासाहेबांनी आधी एक छोटी फिल्म बनवली. कुंडीत एक बी पेरलं आणि ते उगवून वेल होईपर्यंत रोज थोडी थोडी फिल्म चालवली. पडद्यावर ते रोप बघता बघता वाढलं. ‘अंकुराची वाढ’ या फिल्मने लोकांना विश्वास दिला. आज तुम्ही मोबाइलवर ‘टाइम लॅप्स’चं बटण दाबता ना, तीच ही करामत.

दिवसा संसार, रात्री सिनेमा

दादरच्या मुख्य रस्त्यावरच्या मथुरा भवनात फाळक्यांचं बिऱ्हाड होतं. तिथेच स्टुडिओ, तिथेच लॅबोरेटरी आणि तिथेच स्वयंपाकघर. ‘राजा हरिश्चंद्र’च्या काळात सरस्वतीबाई काय काय करत होत्या ते बघा.

त्या सगळ्या युनिटचं जेवणखाण बघायच्या. उन्हात शूटिंग चालायचं, तेव्हा प्रकाश कलाकारांच्या चेहऱ्यावर पडावा म्हणून पांढरी चादर धरून उभ्या राहायच्या. फिल्म धुण्याची रसायनं कालवायच्या. फिल्म डेव्हलप करायच्या. पैसा कमी पडला तेव्हा त्यांचे दागिने कामी आले. आणि रात्री सगळी निजानीज झाल्यावर त्या अंधाऱ्या खोलीत मंद लाल दिव्याशी फिल्मला छिद्रं पाडत बसायच्या.

तुम्ही म्हणाल, छिद्रं कशाला? जुन्या फिल्मच्या दोन्ही कडांना ओळीने चौकोनी भोकं असायची. कॅमेऱ्याचे आणि प्रोजेक्टरचे दात त्यातच अडकून फिल्म पुढे सरकायची. छिद्र जरा तिरकं पडलं की पडद्यावरचं चित्र नाचायला लागायचं. दादासाहेबांनी आणलेली कच्ची फिल्म बिनछिद्रांची होती, म्हणून हे काम घरीच करावं लागे.

आता थोडा हिशोब करू या. ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात १६ चित्रं बसतात आणि प्रत्येक चित्राला एका बाजूला ४ छिद्रं लागतात. म्हणजे फुटाला ६४. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी होती सुमारे ३,७०० फूट. एका कडेलाच २ लाख ३६ हजारांहून जास्त छिद्रं झाली! वाया गेलेली फिल्म यात धरलेलीच नाही. उजेड आत आला तर फिल्म खराब, हात चुकला तर चित्र खराब. दिवसभर चुलीपुढे आणि उन्हात राबलेल्या बाईने रात्री केलेलं हे काम आहे.

राणी तारामतीची भूमिका करायला एकही बाई तयार होईना, तेव्हा दादासाहेबांनी पत्नीलाही विचारलं होतं. एवढ्या सगळ्या जबाबदाऱ्या अंगावर असताना आणखी हे कसं जमणार, म्हणून सरस्वतीबाईंनी नकार दिला. शेवटी ग्रँट रोडच्या एका हॉटेलात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. घरचा भालचंद्र रोहिदास झाला. सहा महिने सत्तावीस दिवसांत चित्रपट पुरा झाला आणि ३ मे, १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशन सिनेमात तो लोकांसाठी लागला.

कापून जोडणं म्हणजे नेमकं काय?

तेव्हा एडिटिंगचं यंत्रच नव्हतं. फिल्मची पट्टी उजेडासमोर धरायची, कुठे कापायचं ते डोळ्याने ठरवायचं आणि कात्री चालवायची. मग टोकावरचा रसायनाचा थर हलक्या हाताने खरवडायचा, त्यावर खास गोंद लावायचा, दुसरा तुकडा बरोबर छिद्रावर छिद्र येईल असा ठेवायचा आणि दाबून धरायचा. जोड कच्चा राहिला तर भर खेळात फिल्म तुटणार. ही फिल्म नायट्रेटची असायची. एक ठिणगी पडली तरी भडकणारी. अशी फिल्म लेकराबाळांच्या घरात सांभाळायची म्हणजे किती काळजी!

दादासाहेबांच्या चित्रपटांत देव प्रकट होतात, राक्षस गायब होतात. त्या चमत्कारांमागेही हीच कला होती. कॅमेरा थांबवायचा, माणसाला बाजूला करायचं, पुन्हा कॅमेरा चालू करायचा आणि मधला नको असलेला भाग नेमका कापून टाकायचा. पडद्यावर माणूस क्षणात नाहीसा! फ्रान्सच्या जॉर्ज मेलिएस या जादूगार दिग्दर्शकाने ही युक्ती आधीच प्रसिद्ध केली होती. आपल्याकडे ती मथुरा भवनातल्या त्या बिऱ्हाडात घडत होती. त्या काळी हे काम कसं चालायचं याची झलक बघायची असेल, तर दादासाहेबांनीच १९१७च्या सुमारास बनवलेल्या ‘चित्रपट कसे तयार करतात’ या माहितीपटाचे उरलेले तुकडे जरूर बघा.

पण एडिटिंग म्हणजे फक्त कात्री आणि गोंद नाही. कोणता क्षण ठेवायचा, कोणता सोडायचा आणि कशानंतर काय दाखवायचं, याचा तो निर्णय असतो. त्याचं एक सुंदर उदाहरण काशीचंच आहे. सत्यजित राय यांचा ‘अपराजितो’ १९५६ साली आला. त्याची गोष्ट १९२०च्या बनारसमध्ये सुरू होते. घाटावर कथा सांगणारे हरिहर आजारी पडतात. शेवटच्या क्षणी त्यांच्या तोंडात गंगेचं पाणी घातलं जातं, मान मागे पडते आणि लगेच पडद्यावर दिसतो आकाशात फडफडत उडणारा कबुतरांचा प्रचंड थवा. ना रडणं, ना संवाद. दोन वेगळी चित्रं एकामागोमाग जोडली गेली आणि आपल्या छातीत धस्स झालं. हे संकलन दुलाल दत्त यांचं. आजही रामघाटाच्या पायऱ्यांवर पहाटे बसलात की अचानक कबुतरं उठतात आणि तो कट आठवतो.

इकडे सरस्वती, तिकडे मार्गेरित

हे फक्त आपल्याकडेच झालं असं समजू नका. सिनेमाच्या सुरुवातीच्या काळात फ्रान्समध्येही फिल्म रंगवणं, तपासणं, चिकटवणं ही कामं मोठ्या प्रमाणावर बायका करत. नाजूक हातांचं, शिवणकामासारखं, चिकाटीचं काम म्हणून ते बायकांकडे आलं. पगार कमी आणि नाव नाही, हेही ओघाने आलंच.

अशाच एका फ्रेंच मुलीचं नाव होतं मार्गेरित उले. जन्म १९०६चा. कोवळ्या वयात ती पाथे या फिल्म कंपनीत फिल्म रंगवण्याच्या कामाला लागली. तिथून शिकत शिकत ती एडिटर झाली आणि ज्याँ रेन्वार या थोर दिग्दर्शकाची साथीदार बनली. १९३०च्या दशकातल्या त्याच्या गाजलेल्या चित्रपटांना तिच्या कात्रीने आकार दिला. १९३७चा ‘ला ग्रांद इल्युजियाँ’ आणि १९३९चा ‘ला रेग्ल द्यु जू’ आज जगभरच्या फिल्म शाळांमध्ये अभ्यासले जातात.

दोघांचं लग्न कधी झालं नाही, पण तिने त्याचं आडनाव लावलं आणि तेच आयुष्यभर राहिलं. पुढे दोघं वेगळे झाले, रेन्वार दुसऱ्या जोडीदारासह अमेरिकेला निघून गेला. १९३६ साली त्याने शूट केलेला एक छोटा चित्रपट अर्धवट पडून होता. तो तिने दिग्दर्शक देशात नसताना जोडून पूर्ण केला आणि १९४६ साली तो प्रदर्शित झाला. आज तो रेन्वारच्या सर्वात सुंदर कामांपैकी एक मानला जातो. त्यानंतरही ती थांबली नाही. ज्याक बेकर या दिग्दर्शकाचे चित्रपट तिने एडिट केले आणि स्वतःची कारकीर्द स्वतःच्या हिमतीवर पुढे नेली. १९८७मध्ये ती गेली.

मार्गेरितला निदान श्रेयनामावलीत जागा मिळाली, आडनाव दुसऱ्याचं का असेना. आता ‘राजा हरिश्चंद्र’ची माहिती काढून बघा. दिग्दर्शक, निर्माता, लेखक म्हणून दादासाहेब. कॅमेऱ्यासाठी त्र्यंबक तेलंग. संकलनाच्या रकान्यातही बहुतेक ठिकाणी दादासाहेबच. सरस्वतीबाई भेटतात त्या आठवणींमध्ये, चरित्रांमध्ये आणि ‘पत्नीची मोलाची साथ’ या तीन शब्दांत.

साथ हा शब्द गोड आहे. पण कधी कधी तो अख्खं काम गिळून टाकतो.

काशीचा मुक्काम

‘राजा हरिश्चंद्र’नंतर फाळके कुटुंब नाशिकला गेलं. १९१७ सालच्या ‘लंका दहन’ने तुफान गर्दी खेचली. १९१८मध्ये भागीदारांसह हिंदुस्तान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली. १९१९च्या ‘कालिया मर्दन’मध्ये छोट्या कृष्णाची भूमिका मुलगी मंदाकिनीने केली. याचा बराचसा भाग आजही शिल्लक आहे. तो मुलांबरोबर बसून बघा, शंभर वर्षांपूर्वीचा कृष्ण बघून त्यांनाही हसू फुटेल.

पण पैसा भागीदारांचा आणि स्वभाव दादासाहेबांचा. खटके उडू लागले. शेवटी कंपनी सोडून, सिनेमाला रामराम ठोकून ते कुटुंबासह काशीला निघून आले.

काशी मराठी माणसाला परकी नाहीच. भोसले घाट, सिंधिया घाट, अहिल्याबाई घाट ही नावंच बघा. रामघाटापासून चालत काही मिनिटांवर पंचगंगा, दुर्गा घाट, ब्रह्मा घाट. या गल्ल्यांत पिढ्यान्‌पिढ्या मराठी घरं आहेत. माझी आत्या इथे लग्न होऊन आली, तेव्हा तिला शेजारी पुरणपोळी मिळाली आणि समोरच्या दुकानात कचोरी. आजही रामघाटाच्या सांगवेद विद्यालयाजवळून जाताना वेदपठणाचे सूर कानावर येतात.

या नगरीत दादासाहेबांनी कॅमेरा बाजूला ठेवला आणि ‘रंगभूमी’ हे नाटक लिहायला घेतलं. इकडे महाराष्ट्रात मात्र त्यांच्या चाहत्यांना चैन पडेना. ‘संदेश’चे संपादक अच्युतराव कोल्हटकर यांनी त्यांना परत येण्याची गळ घातली, वाचकांनी पत्रं पाठवली. अखेर दादासाहेबांनी काशी सोडली आणि १९२२च्या सुमारास ते पुन्हा चित्रपटांकडे वळले.

ती हाक दादासाहेबांना होती आणि ती रास्तच होती. पण एक गोष्ट तुमच्या लक्षात आली का? नवऱ्याने सिनेमा धरला, तेव्हा सरस्वतीबाईंनी सिनेमा शिकून घेतला. नवऱ्याने सोडला, तेव्हा त्यांच्याही हातातून तो सुटला. ज्या कामाला स्वतःचं नाव नसतं, त्या कामावर स्वतःचा हक्कही राहत नाही. आज कितीतरी घरांत नवऱ्याच्या दुकानाचे हिशोब, सासऱ्यांच्या क्लासच्या नोट्स, भावाच्या चॅनेलचे व्हिडिओ बायका करतात. ते काम उद्या बंद झालं, तर त्यांच्या हातात दाखवायला काय उरतं?

बोलपटांच्या लाटेत दादासाहेब मागे पडले. १९३७चा ‘गंगावतरण’ हा त्यांचा शेवटचा चित्रपट. १६ फेब्रुवारी, १९४४ रोजी नाशिकला त्यांचं निधन झालं. १९६९पासून त्यांच्या नावाने देशाचा सर्वोच्च चित्रपट पुरस्कार दिला जातो. सरस्वतीबाई घराघरांत पोहोचल्या त्या पुष्कळ नंतर, २००९च्या ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’मधून. परेश मोकाशी यांच्या या चित्रपटात विभावरी देशपांडे यांनी साकारलेली सरस्वती बघताना अनेकींना पहिल्यांदाच कळलं की त्या फॅक्टरीत कामगार कोण होतं.

आता नाव दिसू लागलंय

चांगली गोष्ट अशी की पुढच्या पिढ्यांनी ही गोष्ट बदलली. १९७०च्या दशकात पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये रेणू सलुजा नावाची मुलगी एडिटिंग शिकली. त्या काळी एडिटिंगची खोली म्हणजे पुरुषांचाच प्रांत. ‘जाने भी दो यारो’, ‘अर्धसत्य’, ‘परिंदा’, ‘१९४२ अ लव्ह स्टोरी’ हे सारे तिने एडिट केलेले चित्रपट. एक हसवून लोळवतो, दुसरा अस्वस्थ करतो, तिसरा श्वास रोखायला लावतो, पण हात एकच. ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ यांच्या संकलनासाठी तिला चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. ऑगस्ट, २०००मध्ये, वयाच्या अवघ्या ४८व्या वर्षी कर्करोगाने तिला नेलं. आज आरती बजाज, ‘कहानी’साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळवणाऱ्या नम्रता राव अशी कितीतरी नावं पडद्यावर ठळकपणे झळकतात.

तुम्हालाही एडिटिंग करायचंय?

आता कात्री, गोंद, लाल दिवा काहीच लागत नाही. एक बऱ्यापैकी लॅपटॉप आणि चिकाटी पुरते. सुरुवात अशी करा :

* आवडत्या चित्रपटातला एक प्रसंग आवाज बंद करून बघा. दृश्य किती वेळा बदलतं ते मोजा आणि प्रत्येक वेळी ‘इथेच का बदललं?’ असं स्वतःला विचारा.

* मोबाइलवर घरातलाच एक छोटा प्रसंग दहा तुकड्यांत शूट करा. आजी लोणचं घालतेय, मूल शाळेत निघालंय, काहीही. त्याची एक मिनिटाची गोष्ट बनवा. मग तुकड्यांचा क्रम बदलून बघा, गोष्टच बदलेल.

* सॉफ्टवेअर विकत घ्यायची घाई नको. डाव्हिंची रिझॉल्व्हची मोफत आवृत्ती शिकण्यासाठी भरपूर आहे. पुढे कामानुसार प्रीमियर प्रो, फायनल कट प्रो किंवा अ‍ॅव्हिड शिकता येईल.

* रीतसर शिक्षण घ्यायचं असेल तर पुण्याची फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट ऑफ इंडिया आणि कोलकात्याची सत्यजित राय फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट इथे पदवीनंतर एडिटिंगचा अभ्यासक्रम आहे. प्रवेश परीक्षा असते.

* मूळ फुटेजच्या नेहमी दोन प्रती ठेवा, त्याही वेगवेगळ्या हार्ड डिस्कवर. कुणाचं लग्न पुन्हा लावता येत नाही!

* डोळ्यांना जपा. दादासाहेबांच्या डोळ्यांचं काय झालं ते वर वाचलंतच. दर थोड्या वेळाने उठा, लांबवर बघा, पाणी प्या.

* काम घेताना तीन गोष्टी लिहून घ्या. पैसे किती आणि कधी मिळणार, बदल किती वेळा करून द्यायचे आणि तुमचं नाव कुठे येणार. साधा मेसेज असला तरी चालेल, पण लिखित हवं.

* आपल्या कामाचे निवडक दोन-तीन मिनिटांचे नमुने जमवून ठेवा. मूळ ग्राहकाची परवानगी घ्यायला विसरू नका. उद्या दुसरं काम मागताना हेच तुमच्या वतीने बोलेल.

आणि घरच्यांनो, तुमच्यासाठीही एक गोष्ट. ती लॅपटॉपसमोर बसली असेल तेव्हा ‘जरा चहा टाक, नुसती बसलीच आहेस’ असं म्हणू नका. ती बसलेली नाही, ती काम करतेय.

शेवटची पाटी

हा लेख लिहिताना मी वहिनीला म्हटलं, ‘‘तुझं नाव घालते गं यात.’’

ती दचकलीच. ‘‘नको, नको! मालकांनी वाचलं तर काम जाईल. मुलाची फी यातून जाते.’’

म्हणून तिचं नाव इथे नाही. नावाबद्दलच्या लेखात तिचं नाव लिहिता येऊ नये, याची चुटपुट मला लागून राहिली आहे.

पण मागच्याच आठवड्यात घरातल्या पुतण्याची मुंज झाली. त्याचा व्हिडिओ वहिनीनेच केला. ते काम घरचं होतं, स्टुडिओचं नव्हतं. मी तिच्या मागेच लागले. शेवटी तिने काळ्या पाटीवर टाइप केलं, ‘संकलन’, आणि त्याखाली स्वतःचं पूर्ण नाव. थोडा वेळ त्याकडे बघत राहिली. मग अक्षरं जरा लहान केली. मग पुन्हा होती तेवढी केली.

दुसऱ्या दिवशी दुपारी सगळ्यांनी टीव्हीवर तो व्हिडिओ पाहिला. संपल्यावर काकांनी रिमोट उचलला, तर आत्या म्हणाली, ‘‘अहो, थांबा जरा. नाव येतंय.’’

पुढच्या वेळी चित्रपट संपला की तुम्हीही लगेच उठू नका. चप्पल शोधता शोधता का होईना, पडद्यावरून सरकणाऱ्या नावांत ‘संकलन’ हा शब्द शोधा आणि त्याच्यापुढचं नाव एकदा वाचा. आणि तुमच्या घरात कुणी असं मुकाट्याने कापून जोडत असेल, तर तिच्या कामाखाली तिचं नाव लिहायला आजच सांगा. पूर्ण नाव, मोठ्या अक्षरांत.